बजाबाईचे चाळीस सेकंद

मैनुद्दीन लाऊडस्पीकरवाल्याचं ऐकाल तर बजाबाई त्याला पहिल्यांदा भेटली तेव्हा तिच्या हातात कुऱ्हाड होती. ही गोष्ट त्यानं त्याच संध्याकाळी सात रस्ता चौकात चहा पिताना सांगितली. महिनाभरात कुऱ्हाडीच्या मागं पन्नास बायका आल्या. वर्ष उलटेपर्यंत बजाबाईनं एका हातानं मांडवाचा खांब उपटला होता, दुसऱ्या हातानं नवरदेवाला घोड्यावरून उचलून खाली ठेवलं होतं, आणि तिचा अवतार पाहून घोडा बिचारा आपण होऊन बँडवाल्यांच्या मागं जाऊन उभा राहिला होता. पुढं पुढं लोक विचारायचे, "मग तू वाचलास कसा?" तेव्हा मैनुद्दीन ॲम्प्लिफायरवरची धूळ पुसत गंभीरपणे सांगायचा, "अल्लाची मेहेरबानी. आणि फ्यूज उडाला."

खरं एवढंच होतं की बजाबाईच्या हातात कांडी होती. मागाला लागणारं सूत जिच्यावर गुंडाळतात ती वीतभर लाकडी कांडी. साल १९७२. सोलापुरातल्या विणकरांच्या एका गल्लीत लग्न होतं, मैनुद्दीननं मांडवाच्या दोन टोकांना दोन कर्णे बांधले होते आणि सकाळपासून सनईची एकच तबकडी फिरत होती. शेजारी चोवीस मागांचा कारखाना. बजाबाई तिथं कांड्या भरायच्या कामाला होती. वय पन्नाशीच्या अलीकडं, उंची पाच फुटांच्या पलीकडं जेमतेम, कपाळावर रुपयाएवढं कुंकू. ती मांडवात आली आणि तिनं कांडीनं उजवीकडचा कर्णा दाखवला.

"ह्यो फाटलाय."

"काय फाटलंय?"

"तुजा कर्णा. सकाळधरनं रडतोय. डावा ब्येस हाय. ह्याच्या पोटात कायतरी थरथरतंय."

मैनुद्दीन हसला. हसण्यासारखंच होतं. चोवीस माग खडखडत असताना त्या भिंतीपलीकडं माणसाला स्वतःची शिंकसुद्धा ऐकू येत नाही; नाक पुसायची वेळ आली म्हणजे शिंकलो असं धरून चालायचं. आणि ही बाई तिथं बसून कर्ण्याच्या पोटातलं सांगत होती.

"मावशी, नवा माल आहे. पुण्याहून आणलाय."

"मग पुण्याला निऊन फेक," असं म्हणून ती परत कामावर गेली.

लग्न लागल्यावर मैनुद्दीननं कर्णा उतरवून उघडला. आतल्या पडद्याला नखाएवढी चीर होती. ही गोष्ट त्यानं कुणाला सांगितली नाही. कुऱ्हाडीची सांगितली.

बजाबाई मूळची करमाळ्याकडची. महिपतीशी लग्न करून सोलापुरात आली. महिपती त्याच कारखान्यात मागावर होता आणि तीस वर्षांत मागानं त्याचे दोन्ही कान खाऊन टाकले होते. समोरच्याच्या ओठांवरून त्याला बोलणं कळायचं. बायकोचं मात्र ती पाठमोरी असली तरी कळतं, असा त्याचा दावा होता. "समोरून जे म्हणती तेच पाठमोरी म्हणत असंल की," असा त्याचा साधा हिशेब, आणि तो सहसा चुकत नसे.

कांड्या भरणाऱ्या बायकांची खोली मागांपासून एका पत्र्यानं वेगळी केलेली होती. पत्र्यानं माणसं वेगळी होतात, आवाज होत नाही. त्या खोलीत बारा बायका दिवसभर बसत, आणि बायका बसल्या म्हणजे गोष्ट सांगितली पाहिजे. पण सांगायची कशी? ओरडलेला शब्द त्या खडखडाटात दगडासारखा बुडायचा. बजाबाईला फार वर्षांपूर्वी उमगलं होतं की मोठा आवाज बुडतो, पण वेगळ्या जातीचा बारीक आवाज मुंगीसारखा फटीतून पार जातो. तेव्हापासून ती गोष्टी शब्दांनी सांगेनाशी झाली. डब्याचं झाकण नखानं थरथरवलं की सासू आली. रिकामी कांडी फरशीवरून घरंगळत गेली की चोर पळाला. सासरहून पळून आलेल्या एका पोरीची सबंध गोष्ट तिनं एकदा एक पैंजण, एक बादली आणि रहाटाची कुरकुर एवढ्यावर सांगितली. अकरा बायका रडल्या, सूत जागोजाग तुटलं, आणि मुकादम रामहरी पत्र्याआडून डोकावून विचारू लागला की हितं कोण मेलं.

इकडं मैनुद्दीनचं 'न्यू ताज साऊंड सर्व्हिस' सात रस्त्याजवळ एका सायकल दुकानाच्या पाठीशी होतं. पुढं दुकान, मागं बिऱ्हाड. पुढाऱ्यांची भाषणं टेप करून द्यायची असा धंदा डोक्यात धरून त्यानं जुन्या बाजारातून स्पूलचं टेप मशीन आणलं होतं. पण एकदा केलेलं भाषण जपून ठेवावं असं शहरातल्या एकाही पुढाऱ्याला वाटलं नाही. मशीन कापडाखाली झाकून पडलं होतं.

पंधरा दिवसांनी बजाबाई कर्णा दुरुस्त झाला का ते बघायला आली. तो काही तिचा कर्णा नव्हता. पण आजारी माणूस आपल्याच घरातला पाहिजे असं थोडंच आहे. मैनुद्दीन माईकपुढं 'हॅलो, हॅलो, एक दोन तीन' करत होता.

"आकडं मोजून काय कळतं?" बजाबाई म्हणाली. "सर बाजूला." तिनं पाण्याचा तांब्या घेतला, त्यात पदराचा ओला बोळा बुचकळला, जिभेनं टाळ्याला काहीतरी केलं, आणि आतल्या खोलीतून मैनुद्दीनची बायको कमरबी ओरडली, "अजी, वो भैंस कू भगाव. पूरा पानी पी जारी."

मैनुद्दीननं मशीनवरचं कापड काढलं ते त्या दिवशी.

त्यापुढं दर सुट्टीला बजाबाई दुकानात. तिनं केलेल्या गोष्टी टेपवर धरायच्या, पुन्हा ऐकायच्या, नापसंत पडल्या की पुसायच्या. मैनुद्दीनला वाटे, आपण तिला शिकवतो आहोत. तिला वाटे, हे पोरगं बरं ऐकतं. अशा गैरसमजावर भलभली भागीदारी टिकते.

मग रेडिओवर एक दिवस सांगितलं की हौशी मंडळींनी ध्वनिनाटिका टेप करून पाठवाव्यात, निवडक नाटिका प्रसारित होतील. केंद्र दूरच्या शहरातलं, पण आवाज सोलापुरात स्वच्छ यायचा. मैनुद्दीनच्या डोळ्यांपुढं दुकानाची नवी पाटी उभी राहिली. नावाखाली लाल अक्षरात 'रेडिओ कलाकार'.

"सासू-सुनेचं करू," तो म्हणाला. "हसतात लोक."

"मला दगडाबाईचं करायचंय."

दगडाबाई नऊ वर्षं बजाबाईच्या शेजारी बसून कांड्या भरत होती. आदल्या उन्हाळ्यात ती रिकाम्या कांड्या आणायला मागांकडं गेली आणि तिचा पदर मोटरीच्या पट्ट्यात गेला. कुणीतरी मुख्य खटका ओढला. चोवीस माग एकदम थांबले. तिला टांग्यातून दवाखान्यात नेलं, पण ती वाटेतच संपली.

"तिला उचलून निली," बजाबाईनं मैनुद्दीनला सांगितलं, "आन् आमी तशाच बसलो. कुणी बोललं न्हाय. मी मनात मोजत हुते. का मोजत हुते ते ठावं न्हाय. चाळीस झालं. मग मुकादम म्हणाला, चला, लावा. आन् माग लागलं." तिनं टेप मशीनकडं बोट दाखवलं. "तेवढं करायचं. सकाळपास्नं 'चला, लावा' पत्तोर. जास्ती न्हाय, कमी न्हाय."

मैनुद्दीननं पाटीवरचा लाल रंग मनातल्या मनात जरा फिका केला आणि हो म्हणाला.

पहिली अडचण मागांचीच आली. मशीन नेऊन कारखान्यातला खराखुरा आवाज टेप केला, तर ऐकताना कुणीतरी भजी तळत असल्यासारखं वाटलं. काटा लाल पट्टीत जाऊन चिकटला होता. बजाबाईनं ते दोनदा ऐकलं. "खरा माग टेपीत मावत न्हाय," ती म्हणाली. "आपुन दुसरा करू." मग तिनं पोळपाट, लाटणं, चाव्यांचा जुडगा आणि बाभळीचं फळकूट असा एक माग तयार केला. दोन माग झाले, चार झाले. पण खालची घरघर काही जमेना. तिची नजर फिरत फिरत कमरबीच्या शिवणयंत्रावर गेली.

"मशीन कू हात नक्को लगाव," कमरबी म्हणाली. "मेरे मायके की है."

"मग तूच चालीव की, बाई."

अशी कमरबी नाटकात आली. एका सुट्टीच्या दिवशी कांड्याच्या खोलीतल्या, बजाबाई धरून, अकराजणी आपापले पोळपाट घेऊन दुकानात हजर झाल्या. दगडाबाई असती तर बारा झाल्या असत्या. ती जागा शिवणयंत्रासकट कमरबीनं घेतली. बजाबाई स्वतः पोळपाट घेऊन मध्ये बसली आणि मानेनं इशारे देऊ लागली. एकेक बाई म्हणजे दोन दोन माग. सातव्या मागाला अर्धा ठोका उशीर झाला पाहिजे, कारण कारखान्यातला सातवा माग तसाच होता; ज्या बाईकडं सातवा माग होता तिला बरोबर ठोका द्यायची खोड, तिला बजाबाईनं तासभर चुकायला शिकवलं. पदर गेल्याचा आवाज तिनं कोरं मांजरपाट फाडून काढला. चार वार फाडल्यावर एक पसंत पडला. सायकल दुकानातलं गिऱ्हाईक हवा भरायची सोडून खिडकीशी जमलं होतं. त्यातल्या एकानं विचारलं की आत काय चाललंय. मैनुद्दीन म्हणाला, "कारखाना काढलाय."

मग ते चाळीस सेकंद आले. बजाबाईनं हात वर केला, पोळपाट थांबले, शिवणयंत्र थांबलं. टेप फिरत होती. बारा बायका गुडघ्यांवर हात ठेवून बसल्या होत्या. कुणी खोकलं नाही. मैनुद्दीन काट्याकडं पाहत होता. काटा शून्यावर पडलेला नव्हता. अगदी किंचित हलत होता.

शेवटचे दोन शब्द मैनुद्दीननं म्हणायचे होते. सबंध नाटकात तेवढेच शब्द. त्यानं छाती भरून म्हटलं, "चला, लावा." बजाबाईनं मान हलवली. त्यानं रागानं म्हटलं, दुःखानं म्हटलं, पुढाऱ्याच्या आवाजात म्हटलं. आठ वेळा झालं.

"तू राजावाणी म्हणतुयास. त्यो दात कोरत म्हणाला हुता."

मैनुद्दीननं काड्यापेटीतली काडी घेतली. नवव्या वेळी जमलं.

अकरा मिनिटांची टेप पार्सलनं गेली. दोन महिन्यांनी टेप परत आली आणि तिच्यासोबत पत्र. खाली सही होती कार्यक्रम अधिकारी विरुपाक्ष हिरेमठ यांची. बजाबाईला वाचता येत नव्हतं, म्हणून मैनुद्दीननं उभं राहून, गळा साफ करून वाचलं. आपला प्रयोग अभिनव आहे, असं पहिल्याच ओळीत होतं. तिथं तो थांबला आणि ती ओळ त्यानं कमरबीसाठी पुन्हा वाचली. पुढं लिहिलं होतं की श्रोत्यांच्या सोयीसाठी एक निवेदक घ्यावा, पात्रांना काही संवाद द्यावेत, आणि चाळीस सेकंदांची शांतता वगळावी, कारण इतका वेळ आवाज आला नाही तर श्रोते आपला संच बिघडला असे समजतात. त्या जागी सतारीचा एखादा तुकडा घालता येईल.

"निवेदक म्हंजी?"

"जो सांगतो. आता दगडाबाई आली, आता दगडाबाई गेली."

"ती गेली हे ऐकणाऱ्याला कळंना व्हय? का ह्यो सांगंस्तवर थांबायचं तिनं?"

"बरं, निवेदक राहू दे. संवादाचं मी साहेबांना समजावतो. पण शांततेचं ऐक, मावशी. नियम आहे त्यांचा. चाळीसचे वीस करू."

"दगडाबाई निम्मी मेली हुती का?"

मैनुद्दीननं पत्राची घडी केली. मग ती पुन्हा उघडून तो म्हणाला, "सतार हळू वाजवतील. दुःखाची."

"मैनू, त्या दिशी तितं सतार न्हवती."

गल्लीत बातमी पसरली. कारखान्याच्या दारात मुकादम रामहरीनं बजाबाईला अडवलं. तो वाईट माणूस होता असं कुणीच म्हणत नसे. माग बंद राहिला की त्याच्या पोटात कळ यायची, एवढंच.

"बजाबाई, रेडिओवर माझी बदनामी करतीयास म्हणं."

"बदनामी न्हाय, मुकादम. तुमी बोल्ला तेवढंच हाय. दोनच शबूद."

"मग दुसरं कायतरी बोललेलं घाल की."

"दुसरं कुटं काय बोल्लात?"

रामहरीनं इकडंतिकडं पाहिलं. "कामाचा इचार कर जरा."

"करतीय की. त्योच तर टेपवर हाय," असं म्हणून ती आत जाऊन आपल्या जागेवर बसली.

मैनुद्दीनची गोष्ट वेगळी होती. तो भित्रा नव्हता. त्याला पाटी दिसत होती. एके दुपारी, कमरबी बाजारात गेल्याचं पाहून, त्यानं टेप मशीनवर चढवली. चाळीस सेकंदांची सुरुवात खडूनं खुणावली, शेवट खुणावला, आणि दाढीच्या पात्यानं टेप दोन ठिकाणी कापून टोकं पांढऱ्या चिकटपट्टीनं जोडली. हातात पंचवीस फूट टेप लोंबत राहिली. ती फेकून द्यायची म्हणून तो दारापर्यंत गेला आणि परत आला. कोपऱ्यात बजाबाईची विसरलेली एक कांडी होती. तिच्यावर त्यानं ती टेप नीट गुंडाळली आणि ग्रामोफोनच्या सुयांच्या डब्यात दडवली. मग साहेबांना लिहिलं की आपल्या सूचनेप्रमाणे शांतता वगळली आहे.

साहेबांचं उत्तर आलं. ते घरच्या कार्यासाठी अक्कलकोटला निघाले होते. वाटेत सोलापुरात उतरून टेप ऐकतील आणि सोबतच घेऊन जातील.

सुट्टीचा दिवस धरला. कारखान्यापुढच्या मोकळ्या जागेत मैनुद्दीननं लोखंडी खांबाला दोन्ही कर्णे बांधले. चार वाजता सगळी गल्ली लोटली. विणकर पुढं, बायका ओट्यांवर, महिपती खांबाला पाठ लावून, कारण त्याला कानापेक्षा पाठीतून जास्त ऐकू यायचं. हिरेमठ साहेब पांढऱ्या बुशशर्टात, मांडीवर छत्री आडवी ठेवून, घडीच्या खुर्चीवर बसले. एवढ्या माणसांत नाटक ऐकायची त्यांना सवय नव्हती. ते नाटक नेहमी काचेआडून ऐकत.

बजाबाई मशीनजवळ आली. तिनं स्पूलाकडं पाहिलं. काळ्या टेपेत एके ठिकाणी पांढरा ठिपका होता.

"ही पट्टी कसली?"

"तुटली होती जरा."

"कुटं तुटली?"

मैनुद्दीन वायर तपासू लागला.

"मैनू, कुटं तुटली?"

त्यानं सुयांचा डबा उघडला आणि कांडी तिच्या हातावर ठेवली. बजाबाईनं कांडीवर गुंडाळलेलं ते पाहिलं. आयुष्यभर तिनं कांड्यांवर सूत भरलं होतं. ही कांडी कशानं भरली आहे हे तिला सांगावं लागलं नाही.

"जोड," ती म्हणाली.

"साहेब बसलेत समोर."

"त्यांनी बी बघू दे की."

साहेबांच्या देखत मैनुद्दीननं साहेबांची सूचना उलटी करायला घेतली. पात्यानं त्यानं पांढरा जोड कापला. हिरेमठ साहेब उठून जवळ आले. माणूस सौम्य होता, आवाजही सौम्य.

"बाई, रेडिओवर शांतता चालत नाही."

"साहेब, तितं शांतता न्हाय. बारा बाया बसल्यात."

"पण ऐकू तर काहीच येत नाही."

"गप बसलेल्या बाईचं ऐकू येत न्हाय, हे बराबर. म्हणून तिला बाहीर काढायची का?"

साहेबांनी चष्मा काढला, पुसला, परत लावला. "वरून मला विचारतात हो," ते म्हणाले.

"मग सांगा, बाई ऐकंना. लई हट्टी हाय. नाव लिहून द्या माजं."

दरम्यान मैनुद्दीन टेपेची दोन्ही टोकं धरून घामाघूम झाला होता. गडबडीत कुठलं आधीचं आणि कुठलं नंतरचं ते त्याला कळेना. मनात म्हणाला, गप्प बसलेलं उलटं काय आणि सुलटं काय.

"उलटी लावू नगंस," बजाबाई त्याच्याकडं न पाहता म्हणाली. "सुरवातीलाच कमरबी श्वास सोडती. त्यो शेवटाला यील."

ओट्यावर बसलेल्या कमरबीनं पदर तोंडाला लावला.

टेप सुरू झाली. कुलूप निघालं, बादली वाजली, कांड्या घरंगळल्या, मग पोळपाटांचा एक माग लागला, दोन लागले, आणि चोवीस माग त्या दोन कर्ण्यांतून असे उसळले की ओट्यांवरची पोरं सवयीनं एकमेकांच्या कानाशी तोंड नेऊन बोलू लागली. विणकर मान डोलावत होते. सातवा माग ओळखून दोघं हसले. मांजरपाट फाटलं. खटका पडला. सगळं थांबलं.

इथं एक सांगितलं पाहिजे. माग चालू असताना अचानक थांबले, म्हणजे वीज गेली, की विणकरानं धावत जाऊन आपल्या मागाचं हँडल मागं ढकलायचं असतं. नाहीतर वीज परत येताच माग धसका देऊन सुरू होतो आणि सुताच्या शेकडो तारा तुटतात. हे त्यांच्या अंगात इतकं भिनलं होतं की जेवता जेवता माग थांबला तरी घास ताटात टाकून माणूस आधी हँडलकडं जायचा आणि मग विचार करायचा.

तर सगळं थांबलं आणि पुढं बसलेले सगळे विणकर उठून कारखान्याकडं धावले. सुट्टी होती. सकाळपासून एक माग हलला नव्हता. महिपतीनं पाठीमागचा खांब थरथरायचा थांबल्याबरोबर उडी मारली, आणि तो सगळ्यांत पुढं होता. सगळेजण कारखान्याच्या दाराशी येऊन थडकले. दाराला कुलूप होतं. कुलपात किल्ली होती. किल्लीला मुकादम रामहरीचा हात होता. तोही धावला होता.

तिथं ते उभे राहिले. काय झालं ते एकेकाच्या ध्यानात येऊ लागलं. कुणी कुणाकडं पाहिलं नाही.

इकडं पंधरा सेकंदांना हिरेमठ साहेबांचा हात ॲम्प्लिफायरच्या बटणाकडं गेला. वीस वर्षांची नोकरी होती ती. हात आपोआप गेला. बजाबाईनं रिकामी झालेली कांडी बटणापुढं आडवी धरली. धक्का दिला नाही. साहेबांनी हात मागं घेतला आणि छत्रीवर ठेवला. कर्ण्यांतून बारा बायका गप्प बसलेल्या ऐकू येत होत्या. ज्यांनी ऐकलं ते सगळे हेच सांगतात, आणि मैनुद्दीनच्या कुऱ्हाडीसारखी ही गोष्ट वाढत गेलेली नाही.

मग कुणीतरी दात कोरत म्हणालं, "चला, लावा."

रामहरीनं किल्ली फिरवली नाही. ती तशीच कुलपात सोडून तो दाराला पाठ लावून उभा राहिला. त्याच्यामागं माग पुन्हा सुरू झाले, टेपेतले, आणि अर्ध्या मिनिटानं तेही संपले.

कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत. विणकर परत येऊन जागेवर बसले. महिपतीनं बायकोकडं पाहून ओठांनीच विचारलं, "दगडाबाई?" तिनं हो म्हणून मान हलवली.

हिरेमठ साहेबांनी छत्री काखेत धरली. मग म्हणाले, "जशीच्या तशी घेतो."

"निवेदक?" मैनुद्दीननं विचारलं.

"नको."

"सतार बितार?"

कमरबीनं त्याला मागून कोपरानं ढोसलं. साहेबांनी टेप डब्यात घातली, डब्यावर स्वतःच्या हातानं लिहिलं, 'संपादन करू नये', आणि खाली दोनदा रेघ ओढली.

"त्या रेघंवर काय लिवलंय?" बजाबाईनं विचारलं.

"तुम्ही म्हणालात तेच."

"मग बराबर हाय."

साहेबांनी शब्द पाळला. वर त्यांना विचारणा झाली, तेव्हा त्यांनी लेखी दिलं की नाटिकेतील कुठलाही भाग वगळता येण्यासारखा नाही. पुढं तीन महिने पत्रांची ये-जा चालली. तेवढ्या काळात रामहरीनं बजाबाईला कामावरून काढलं नाही. फक्त तिच्या खोलीशी येऊन बोलायचं झालं की तो दुसऱ्या कुणाला तरी पाठवू लागला. मैनुद्दीननं पाटी रंगवून घेतली.

नाटक १९७४ च्या फेब्रुवारीतल्या एका बुधवारी, दुपारी दीड वाजता लागलं. अकरा मिनिटं, काहीही न कापता. रामहरीनं माग बंद ठेवायला नकार दिला, म्हणून बायकांनी कमरबीचा ट्रान्झिस्टर कांड्याच्या खोलीत नेला आणि पाळीपाळीनं कानाला लावला. चोवीस माग चालू होते. कुणाला काही ऐकू आलं नाही. पुढच्या आठवड्यात केंद्रानं, टेपांचा तुटवडा असल्यामुळं, ती टेप पुसली आणि तिच्यावर ज्वारीवरच्या किडीविषयीचं भाषण घेतलं. दुसरी प्रत नव्हती.